उलट्या महिन्यांचा परवचा

रविवारी सकाळी मी हेमंतला घेऊन शाळेमागच्या मैदानावर फिरायला जाते. हेमंत माझा धाकटा भाऊ. वय अडतीस, उंची सहा फूट सात इंच, आणि आता रस्ता ओलांडताना तो माझ्या कोटाची बाही धरतो. कॅनडातल्या हॅमिल्टनमध्ये ज्याला सगळे ‘माउंटन’ म्हणतात त्या चढावर हे मैदान आहे. आमचे बाबा साताऱ्याचे. हा डोंगर असेल तर आमच्या अजिंक्यताऱ्याला काय म्हणाल, असं ते इथे येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला विचारायचे आणि स्वतःच हसायचे.

मैदानाच्या मधोमध आता चटई अंथरलेली असते आणि कॉलेजची मुलं टेनिसच्या चेंडूने क्रिकेट खेळतात. गेल्या रविवारी त्यांचा चेंडू घरंगळत हेमंतच्या पायाशी आला. “अंकल, बॉल!” कोणीतरी ओरडलं. हेमंतने तो उचलला, दोन्ही हातांत धरून क्षणभर पाहिला, मग हातातून सोडून जमिनीवर टेकायच्या आत बुटाने असा मारला की तो मुलांच्या डोक्यावरून पार कुंपणाला जाऊन लागला. मुलांनी शिट्ट्या वाजवल्या. मी विचारलं, “इथे काय होतं, आठवतंय का?” त्याने गवताकडे पाहिलं. “पोस्ट्स,” म्हणाला, “लॉट्स ऑफ पोस्ट्स.”

बरोबर होतं. दर शनिवारी सकाळी चार-पाच ऑस्ट्रेलियन माणसं एका जुनाट व्हॅनमधून प्लास्टिकचे लांब पांढरे पाइप उतरवायची आणि मैदानाच्या दोन्ही टोकांना गोलाचे खांब म्हणून चार-चार रोवायची. संध्याकाळी ते उपटून परत व्हॅनमध्ये. त्यांच्यात एक इलेक्ट्रिशियन होता, एक हॉस्पिटलात नर्स होता आणि एक हेमंतच्या शाळेतले व्यायामाचे सर. सरांनी त्याला एकदा उडी मारताना पाहिलं आणि शनिवारी ये म्हणून सांगितलं. बस, एवढंच. कोणाचं आयुष्य कुठे वळतं त्याचं कारण मी शोधायला बसत नाही. मला आठवतो तो निलगिरीच्या मलमाचा वास, पाइपांवर वाजणारा वारा, डब्यातल्या संत्र्यांच्या फोडी आणि चिखलात पडून उठलेल्या त्या बाप्यांचं गडगडाटी हसणं. आई एकदा थालीपिठं घेऊन गेली तर इलेक्ट्रिशियनने पाच खाल्ली आणि पुढच्या शनिवारी तिच्याकडे आशेने बघत उभा राहिला.

त्यांचा हा ऑस्ट्रेलियन फुटबॉल मला कधी पूर्ण कळला नाही. लंबगोल मैदान, लंबगोल लाल चेंडू, एका बाजूला अठरा गडी. पंच चेंडू जमिनीवर जोरात आपटतो, तो वर उसळतो, आणि दोन्ही बाजूंचे सगळ्यात उंच असे दोन गडी धावत येऊन गुडघे पुढे काढून त्याच्यासाठी झेप घेतात. हवेतच एकमेकांवर आदळतात. बर्फावर हॉकी खेळणाऱ्या पोरांच्या डोक्यावर निदान हेल्मेट असतं. इथे अंगात बिनबाह्यांची बंडी, खाली अर्धी चड्डी, आणि डोक्यावर काही नाही. ती झेप घेणं हेच हेमंतचं काम.

आमच्या घरात पाच फूट सातच्या वर कोणी गेलं नव्हतं. हा कोणावर गेला यावर आईच्या माहेरचे आणि बाबांच्या घरचे फोनवर भांडत असत. मला मात्र ठाऊक आहे तो उडी मारायला कुठे शिकला. आमच्या बेसमेंटमध्ये, परवचा म्हणताना. बाबा पोलादाच्या कारखान्यात धातुतज्ज्ञ. देश सोडला तरी दिवेलागणीचा परवचा त्यांनी सोडला नाही. हिवाळ्यात साडेचारलाच काळोख पडायचा. आई वर देवापाशी दिवा लावायची आणि आम्ही खाली घर तापवणाऱ्या फर्नेसच्या घरघरीत, ड्रायरच्या उबेत, बे एके बे पासून सुरू करायचो. तीसपर्यंत पाढे झाले की पावकी, निमकी, पाऊणकी. पुढच्या पिढीत हे आकडे कोणाला लागणार होते देव जाणे. मी मांडी घालून म्हणायची. हेमंतला बसणं माहीतच नव्हतं. तो प्रत्येक ओळीला उडी मारून छताजवळच्या पाइपला हात लावायचा. बे एके बे, धप्प. बे दुणे चार, धप्प. गणितात तो कायम काठावर पास, पण परवचा खणखणीत. मधूनच विचारलं, सोळा सत्ते किती, तर गप्प. त्याला सोळा एके सोळापासूनच निघावं लागायचं. बाबा म्हणायचे, “असू दे, डोक्यात एकदा बसलं की जन्मात जात नाही.”

एकविसाव्या वर्षी तो मेलबर्नला गेला. तिथल्या एका व्यावसायिक संघाला उंच, उडी मारणारी, शिकवली तर शिकतील अशी बाहेरची मुलं हवी होती. सरांनी व्हिडिओ पाठवला होता. पहिली दोन वर्षं तो राखीव संघातच खेळला. शनिवारी सकाळी आई पोहे करायची आणि आम्ही कॉम्प्युटरवर मेलबर्नमध्ये होऊन गेलेला सामना बघायचो. कोथिंबीर, लिंबू, आणि पडद्यावर आमचा ताडमाड मुलगा कोणाच्या तरी खांद्यावर गुडघा ठेवून आकाशातून चेंडू खाली आणतोय. आई अर्धा वेळ डोळे मिटून बसायची. “पडला का? उठला का?” एवढंच विचारायची. बाबा पाय पोटाशी घेऊन, खुर्चीच्या अगदी कडेवर. इतकं सुखाचं काही मी नंतर पाहिलेलं नाही.

तेव्हा मी वॉटर्लूला फार्मसी शिकत होते, शनिवार-रविवारी घरी यायचे. चार मुलींचं भाड्याचं घर, स्वयंपाकघरात कायम ओल्या बुटांचा आणि मॅगीचा वास. संध्याकाळी सातच्या सुमाराला हेमंतचा फोन यायचा. त्याच्याकडे दुसऱ्या दिवशीची सकाळ उजाडलेली असायची. मार्चमधल्या अशाच एका संध्याकाळी त्याने मला ते विचारलं. त्याच्या संघातल्या एकाला डोक्याला मार लागला होता. डॉक्टरने मैदानाबाहेर आणून त्याला वर्षाचे महिने उलटे म्हणायला सांगितले, काही शब्द लक्षात ठेवायला सांगितले, आणि तो अडखळला म्हणून तीन आठवडे घरी बसवलं. तीन आठवड्यांत त्याची जागा गेली ती गेलीच.

“ताई, मला तर असेसुद्धा नाही येत उलटे,” हेमंत म्हणाला. “नॉर्मल असतानाच आय गेट स्टक. मला लागलं तर मी गेलोच.”

त्याच आठवड्यात मी परीक्षेत लिहून आले होते की डोक्याला मार बसल्यावर मेंदूला पूर्ण विश्रांती लागते, आणि ती मिळायच्या आत दुसरा मार बसला तर नुकसान कायमचं होऊ शकतं. दहापैकी नऊ गुण मिळाले होते मला त्या प्रश्नाला. आणि मी काय म्हणाले? म्हणाले, “एवढंच ना? परवचा करून टाकू.”

किती सहज म्हणाले. तो हसला, मीही हसले. मग रोज संध्याकाळी, भाजी चिरता चिरता, मी फोन कानाशी धरून त्याच्याकडून म्हणून घेतलं. डिसेंबर नोव्हेंबर ऑक्टोबर, सप्टेंबर ऑगस्ट जुलै. तीन-तीनचे तुकडे पाडून, पाढ्याच्याच चालीवर, शेवटच्या महिन्याला हेल काढून. पलीकडून मला धप्प धप्प ऐकू यायचं. हा पठ्ठ्या त्याच्या खोलीत उड्या मारत होता. शब्दांच्या याद्याही तिथे ठरावीक चार-पाचच होत्या. त्याने कुठून तरी मिळवल्या, मी त्यांना चाल लावली. एप्रिल लागेपर्यंत झोपेतून उठवून विचारलं असतं तरी तो चुकला नसता. तेव्हा मला केवढा अभिमान वाटला होता!

डोक्याला लागल्याचं पहिल्यांदा त्याने सांगितलं तेव्हा तो आनंदाने ओरडतच होता. “ताई, धडाधड म्हटलं! मला सगळं डबल दिसत होतं, पण तोंड आपोआप चालू! डॉक्टर म्हणाला, यू आर गुड.” असे चार फोन मला आठवतात. न केलेले किती, ते आता त्याला विचारून उपयोग नाही.

त्याला मुख्य संघात घेतलं त्या वर्षी मी आणि बाबा मेलबर्नला गेलो. जुलैचा महिना आणि थंडी, म्हणून बाबा सगळ्यांना सांगत होते की या देशाचं कॅलेंडरच उलटं आहे. स्टेडियममध्ये तळलेल्या बटाट्यांचा आणि ओल्या लोकरीचा वास होता. गोलाच्या खांबांपाशी पांढऱ्या कपड्यांतला एक माणूस गंभीर चेहऱ्याने दोन झेंडे हलवायचा, ते बाबांना फार आवडलं. हेमंतचं नाव मोठ्या पडद्यावर आलं तेव्हा त्यांनी शेजारच्या अनोळखी बाईचा हात धरला आणि म्हणाले, “माय सन.” ती बाई पण रडायला लागली.

दुसऱ्या भागात चेंडू उसळला, दोघे उडाले, आणि समोरच्याचा गुडघा हेमंतच्या कानाजवळ लागला. एवढ्या गोंगाटातही तो आवाज मला ऐकू आला असं वाटतं, पण ते खरं नसेल. तो खाली पडला आणि त्याचा एक हात वरच राहिला, ताठ, बोटं पसरलेली. त्याला दोघांनी धरून आत नेलं. बाबा उभे होते, त्यांच्या ओठांची हालचाल चाललेली, रामरक्षा असावी. वीस मिनिटांनी खेळाडूंच्या बोगद्यातून तो पळत बाहेर आला. सगळं स्टेडियम उठून उभं राहिलं. बाबा रडत रडत टाळ्या वाजवत होते. “टणक आहे पोरगं! पाहिलंस? टणक आहे!” आत काय झालं असेल ते त्या हजारो माणसांत एकट्या मला ठाऊक होतं. तो कसा सुटला, ठाऊक होतं. मीही टाळ्या वाजवल्या.

सात वर्षं तो तिथे होता. एका ऑक्टोबरमध्ये संघाने त्याला बोलावून आभार मानले आणि यादीतून नाव काढलं. पुढच्या महिन्यात तो हॅमिल्टनला परत आला, दोन बॅगा आणि एक खोकं घेऊन. खोक्यात बुटांचे जोड, पिवळे पडलेले चिकटपट्टीचे गोळे आणि दातांत धरायचं चावून चावून चपटं झालेलं रबर. आईने ते खोकं उघडलं, हुंगलं आणि बंद करून बेसमेंटमध्ये ठेवलं. दोन वर्षांनी बाबा गेले. पोरगं टणक आहे या समजुतीतच गेले, आणि मी त्यांना तसं जाऊ दिलं.

नंतर हेमंत स्कूल बस चालवायला लागला. त्याच्यासाठी ड्रायव्हरची सीट पार मागे सरकवावी लागायची. सकाळी सहाला उठायचं, बसवरचं बर्फ झाडायचं, अडतीस पोरांना त्यांच्या त्यांच्या कोपऱ्यावरून उचलायचं. मुलं त्याला ‘मिस्टर एच’ म्हणायची. ख्रिसमसला कार्डांनी आईचा फ्रिज भरायचा. मला वाटतं मेलबर्नपेक्षाही तो या कामात जास्त खूश होता. आणि त्याच वर्षांत हळूहळू बाकीचं सुरू झालं. घरात पडदे ओढून काळा चष्मा लावून बसणं. आईवर ओरडणं, मग तासाभराने “आई, तू का रडतेस?” असं विचारणं. चालू राहिलेला गॅस. एकच गोष्ट एकाच जेवणात तीनदा. आई म्हणायची, “दमतो गं तो.” मी औषधांच्या दुकानात दिवसभर लोकांना सांगते की लक्षणं अंगावर काढू नका. भावाच्या बाबतीत मीही म्हणत राहिले, दमतो.

फेब्रुवारीत एके सकाळी मुलांना शाळेत सोडल्यावर तो बस घेऊन डेपोत गेलाच नाही. दोन तासांनी कंपनीच्या माणसाला बस या मैदानाशेजारी उभी दिसली. इंजिन चालू, वायपर चालू, आणि हेमंत स्टिअरिंगवर हात ठेवून बसलेला. मुलं अजून आत आहेत असं त्याला वाटत होतं. त्यांची नावं घेऊन हाका मारत होता म्हणे. कंपनीने सांगितलं, डॉक्टरचं पत्र आणा, मग परत कामावर घेतो.

डॉक्टरीणबाई तरुण होत्या, आवाज मऊ. मी कोपऱ्यातल्या खुर्चीत बसले. त्यांनी हेमंतला चालायला लावलं, स्वतःच्या नाकाला, मग त्यांच्या बोटाला बोट लावायला सांगितलं. मग म्हणाल्या, “वर्षाचे महिने उलट्या क्रमाने सांगाल?”

त्याचा चेहरा उजळला. इतक्या दिवसांत मी तो तसा पाहिला नव्हता. डिसेंबर नोव्हेंबर ऑक्टोबर, सप्टेंबर ऑगस्ट जुलै. शेवटी हेल काढून जानेवारी. टाच जमिनीवर हलकेच आपटत होती. डॉक्टरीणबाई हसल्या. “माझ्यापेक्षा फास्ट!” म्हणाल्या आणि काहीतरी लिहायला लागल्या. हेमंतने माझ्याकडे वळून अंगठा दाखवला.

गप्प बसले असते तर सोमवारी तो परत बसवर गेला असता. अडतीस पोरं. शाळेजवळचा तो उतार, बर्फ. आणि बोलले तर त्याच्या आयुष्यात उरलेली एकुलती एक गोष्ट मी त्याच्यासमोर त्याच्या हातातून काढून घेणार होते. शिवाय मी काय केलं होतं तेही त्याच्यासमोरच सांगावं लागणार होतं. त्यांचं पेन कागदावर चालल्याचा आवाज येत होता.

“डॉक्टर,” मी म्हणाले, “हे त्याला पाठ आहे. मी पाठ करून घेतलंय. लागल्यावर पास होता यावं म्हणून.”

पेन थांबलं. हेमंत म्हणाला, “ताई?”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं, रागाने नाही. मग त्याला म्हणाल्या, “ठीक आहे. आता मेपासून उलटे सांगा, एक सोडून एक.”

“मे,” हेमंत म्हणाला. आणि थांबला. “मे,” परत म्हणाला. मग त्याने खाली मान घातली आणि ओठांतल्या ओठांत अगदी हळू सुरू केलं, डिसेंबर, नोव्हेंबर, ऑक्टोबर. मेपर्यंत पोचला आणि पुढे कुठे जायचं ते त्याला सापडेना. पुन्हा डिसेंबरपासून निघाला. चार वेळा. शेवटी डॉक्टरीणबाईंनीच त्याच्या हातावर हात ठेवला. मला त्या म्हणाल्या, “याची नोंद सरकारकडे करावी लागेल. लायसन्स जाईल.”

गाडीत तो खिडकीबाहेर पाहत होता. ड्राइव्हवेत गाडी उभी केल्यावर म्हणाला, “तू आधी मला सांगायला हवं होतंस. डॉक्टरच्या आधी. मला.” मी म्हणाले, “हो.” तो म्हणाला, “तेव्हाच सांगायला हवं होतंस. तेव्हा तू नाही म्हणाली असतीस तर मी ऐकलं असतं. आय ऑलवेज लिसन्ड टु यू.”

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला आईचा फोन आला. हेमंत बसचं पिवळ्या पट्ट्यांचं जाकीट घालून चाव्या शोधतोय, दारातून हटत नाही. मी गेले आणि सगळं पुन्हा सांगितलं. तेव्हापासून मी रोज सहाच्या आत तिथे पोचते. आई मला स्वयंपाकघरात नेऊन म्हणते, “अगं, रोज कशाला त्याच्या जखमेवरची खपली काढतेस? बस गॅरेजात गेलीय म्हणावं. दहा मिनिटांत विसरतो.” तिचं चुकत नाही. पण त्याला वाचवायचं म्हणून मी एकदा खोट्याला हात लावला, त्याचं काय झालं ते माझ्यासमोर जाकीट घालून उभं असतं. म्हणून मी सांगते. लायसन्स गेलं. डॉक्टरला कोणी सांगितलं? मी. का? मग ते महिने, ते फोन, सगळं. कधी तो कप फेकतो. कधी “गेट आउट, ताई,” म्हणतो आणि मी बाहेर पायरीवर जाऊन बसते. बऱ्याच वेळा नुसता ऐकतो आणि जाकिटाची चेन वर-खाली करत राहतो.

काल मात्र त्याने शेवटपर्यंत ऐकलं, जाकीट काढलं, खुर्चीच्या पाठीवर नीट अडकवलं आणि माझ्यासमोर बसला. “किड्स ओके आहेत ना?” विचारलं.

“सगळे ओके आहेत.”

“मग बरं केलंस तू.” त्याने आपला भला मोठा हात माझ्या डोक्यावर ठेवला, लहान मुलाच्या ठेवतात तसा. “आणि ते आधीचं, ते मीच मागितलं होतं ना तुझ्याकडे. लेट इट गो, ताई.”

इतकी वर्षं मला एवढंच हवं होतं. मी आईच्या स्वयंपाकघरात टेबलावर डोकं ठेवून हुंदके देऊन रडले, आणि तो माझ्या पाठीवरून हात फिरवत राहिला.

आज सकाळी पोचले तेव्हा तो जाकीट घालून दारात उभा होता. “ताई, तू इतक्या लवकर? माझ्या चाव्या पाहिल्यास का? मुलं वाट बघत असतील.”

मी त्याला खुर्चीत बसवलं आणि पहिल्यापासून सांगायला लागले.